सामोआची सापासुई आपल्या चुलीवर

भगिनींनो, कोंबडीत शेवया म्हटल्या की घरची वडील मंडळी नाक मुरडतात. आमच्या सासूबाईंनीही मुरडले. पण सामोआत सापासुईवाचून मेजवानी होत नाही. आपल्या पणजोबांसारखेच करारावर बांधलेले चिनी मजूर 1903 पासून तेथील जर्मन मळ्यांवर आले, त्यांच्या हातचा हा पदार्थ. पुढे न्यूझीलंडच्या राजवटीत 1921 च्या कायद्याने चिनी पुरुष व सामोअन स्त्री यांच्या विवाहास बंदी झाली. सापासुई मात्र घरोघर राहिली.

अर्धा किलो कोंबडीचे तुकडे कांदा, लसूण व भरपूर आल्यासह तेलात परतावे. अर्धी वाटी सोया सॉस व दोन वाट्या पाणी घालून मांस मऊ शिजू द्यावे. मुगाच्या पारदर्शक शेवया, सुमारे 200 ग्रॅम, कोमट पाण्यात भिजवून कात्रीने कापाव्या व वरून घालाव्या. रस्सा त्यांत मुरला की पातेले उतरावे. मीठ घालू नये, सॉस पुरेसा खारट असतो! पहिल्या खेपेस आम्ही सवयीने घातले आणि सगळे पातेले वाया गेले.

दुसऱ्या खेपेस सासूबाईंनी भाताबरोबर दोनदा मागून घेतली. तिसऱ्यांदा स्वतःच उठून पातेल्याशी गेल्या.