गव्हर्नर बेअरिंग आणि औंधचे अप्पासाहेब

लॉर्ड क्रोमर यांचे चिरंजीव सर एव्हलिन बेअरिंग यांची सनदी नोकरी १९२६ मध्ये हिंदुस्थानातच सुरू झाली व प्रकृतीच्या कारणाने १९३४ मध्ये संपली. पुढे दक्षिण ऱ्होडेशियाची गव्हर्नरी व दक्षिण आफ्रिकेतील हायकमिशनरपद भूषवून ते सप्टेंबर १९५२ च्या अखेरीस केनियाचे गव्हर्नर म्हणून रुजू झाले, आणि महिना उलटण्यापूर्वीच, २० ऑक्टोबरला, माऊ माऊ चळवळीच्या बंदोबस्तासाठी त्यांनी आणीबाणी पुकारली.

त्या वेळी नैरोबीत भारताचे कमिशनर होते औंधचे राजपुत्र अप्पासाहेब पंत. १९३९ च्या प्रारंभी महात्माजींच्या सल्ल्याने ज्या संस्थानाने आपला राज्यकारभार रयतेच्या हाती सोपविला, त्याच्या संस्कारांत वाढलेल्या या पुरुषाने आफ्रिकी पुढाऱ्यांशी उघड स्नेह जोडला, आणि वसाहत सरकारच्या तक्रारींनंतर १९५४ मध्ये त्यांना नैरोबी सोडावी लागली. त्यांच्या कार्याची याहून मोठी पावती आम्हांस ठाऊक नाही.

बेअरिंग मात्र १९५९ पर्यंत अधिकारावर राहिले. त्यांच्या अमदानीत हजाराहून अधिक माणसे फासावर गेली. ३ मार्च १९५९ रोजी होला येथील छावणीत पहारेकऱ्यांच्या मारहाणीने ११ स्थानबद्ध मृत्युमुखी पडले, आणि सरकारी खुलाशात त्याचे खापर प्रथम पिण्याच्या पाण्यावर फोडले गेले, हे अक्षम्य होय. १९६० मध्ये बेअरिंग लॉर्ड हॉविक झाले. १२ डिसेंबर १९६३ रोजी केनिया स्वतंत्र झाला, तेव्हा त्यांच्याच कारकीर्दीत सात वर्षांची सक्तमजुरी झालेले जोमो केन्याटा पंतप्रधान होते.