एमआरआयमधील गॅडोलिनियम : उपयोग, धोका आणि आपली दक्षता

एमआरआय तपासणीसाठी आलेल्या रुग्णांच्या नातेवाइकांकडून आम्हांला एक प्रश्न हटकून विचारला जातो : "डॉक्टरांनी कॉन्ट्रास्टसह एमआरआय लिहून दिला आहे. हे इंजेक्शन घेतल्याने किडनी खराब होते असे ऐकले, ते खरे आहे का?" या भीतीपोटी काही जण इंजेक्शनच नाकारतात. याउलट काही जण संमतिपत्रावरील एक अक्षरही न वाचता सही करून मोकळे होतात. या दोन्ही प्रकारांत नुकसान होण्याचा संभव असतो तो रुग्णाचाच. शिवाय या इंजेक्शनाची निवड रुग्णालयाच्या खर्चाशीही निगडित असल्याने देणगीदार आणि विश्वस्त यांनाही त्यामागील कारणे ठाऊक असावीत, असे आम्हांस वाटते. म्हणून यंदाच्या अहवालात या विषयाचे थोडे विस्ताराने विवेचन करीत आहोत.

गॅडोलिनियमचे कार्य

एमआरआय यंत्रात क्ष-किरण नसतात. प्रबळ चुंबकीय क्षेत्रात शरीरातील पाण्यामधील हायड्रोजनच्या अणुकेंद्रांना रेडिओलहरींनी क्षणभर विचलित केले जाते आणि ती पूर्वस्थितीला येताना जो संकेत मिळतो, त्यापासून चित्र तयार होते. गॅडोलिनियम हा दुर्मिळ मृदा गटातील धातू. १८८० मध्ये स्विस रसायनशास्त्रज्ञ मारिन्याक यांनी तो शोधला आणि फिनलंडचे रसायनशास्त्रज्ञ योहान गॅडोलिन यांच्या स्मरणार्थ त्याला हे नाव मिळाले. त्याच्या आयनात सात एकाकी इलेक्ट्रॉन असल्याने तो चुंबकीय दृष्ट्या अतिशय प्रभावी असतो. तो ज्या ठिकाणी पोहोचतो, तेथील हायड्रोजनची अणुकेंद्रे अधिक वेगाने पूर्वस्थितीला येतात आणि विशिष्ट प्रकारच्या चित्रात तो भाग उजळ दिसतो.

या उजळण्याला वैद्यकीय अर्थ आहे. निरोगी मेंदूतील रक्तवाहिन्यांच्या भिंती हे औषध मेंदूच्या ऊतींमध्ये झिरपू देत नाहीत. गाठ, जंतुसंसर्ग किंवा दाह यांमुळे जेथे ही तटबंदी ढासळलेली असते, तेथेच ते झिरपते आणि तो भाग उठून दिसतो. मेंदूतील क्षयरोगाच्या गाठी, मेंदूच्या आवरणांचा दाह, कर्करोगाचा प्रसार आणि मणक्यातील पू यांचे निदान यामुळे पुष्कळ अधिक खात्रीने करता येते. मणक्याच्या शस्त्रक्रियेनंतर पुन्हा दुखू लागल्यास ती जखमेची वाढलेली ऊती आहे की चकती पुन्हा सरकली आहे, हेही कळण्यास मदत होते.

मात्र प्रत्येक एमआरआयला कॉन्ट्रास्टची गरज नसते. गुडघ्यातील अस्थिबंध, प्रथमच उद्भवलेले चकती सरकण्याचे सर्वसाधारण दुखणे किंवा पक्षाघाताच्या पहिल्या काही तासांतील मेंदूची तपासणी बहुधा इंजेक्शनाविना पूर्ण होते. म्हणूनच "हे इंजेक्शन नेमके कशासाठी?" असे विचारण्याचा रुग्णाला पूर्ण अधिकार आहे, असे आम्ही मानतो.

विषारी धातूचे औषध कसे होते?

सुटा गॅडोलिनियम विषारी आहे. त्याच्या आयनाचा आकार कॅल्शियमच्या आयनाशी जवळजवळ जुळतो. त्यामुळे कॅल्शियमवर अवलंबून असलेल्या शरीरातील प्रक्रियांत तो अडथळा आणतो. हे टाळण्यासाठी औषधात त्याला एका सेंद्रिय रेणूच्या घट्ट पकडीत ठेवलेले असते. अशा स्वरूपातील पहिल्या औषधाला अमेरिकेत १९८८ मध्ये मान्यता मिळाली आणि तेव्हापासून त्याचा वापर जगभर रूढ झाला.

ही पकड दोन प्रकारची असते. रेषीय प्रकारात रेणू धातूभोवती वेढा देतो, परंतु त्याची टोके मोकळी राहतात. जणू मोळीला दोरी गुंडाळली, पण गाठ मारली नाही. वलयाकार प्रकारात धातू बंद कड्याच्या मधोमध पिंजऱ्यात असावा तसा अडकलेला असतो. या दुसऱ्या प्रकारातून त्याचे सुटणे फार कठीण असते.

नेहमीची मात्रा वजनाच्या दर किलोग्रॅममागे ०.१ मिलिमोल इतकी असते. म्हणजे ६० किलो वजनाच्या व्यक्तीला, औषधाच्या तीव्रतेनुसार, सुमारे ६ किंवा १२ मिलिलिटर. मूत्रपिंडे सुदृढ असल्यास रक्तातील निम्मे औषध साधारण दीड तासात बाहेर पडते आणि २४ तासांत ९० टक्क्यांहून अधिक भाग लघवीवाटे निघून जातो. मूत्रपिंडे निकामी असल्यास मात्र ते शरीरात दिवसेंदिवस रेंगाळते. जितका अधिक काळ ते राहील, तितकी पकड सैल होऊन धातू सुटण्याची शक्यता अधिक.

लेखाच्या आरंभीच्या प्रश्नाचे उत्तर येथे मिळते. नेहमीच्या मात्रेत हे इंजेक्शन निरोगी मूत्रपिंडांना सहसा इजा करीत नाही. मूत्रपिंडे आधीच निकामी झालेली असतील, तर मात्र ते शरीराच्या इतर अवयवांना अपायकारक ठरू शकते.

२००६ चा धडा

१९९७ पासून अमेरिकेत मूत्रपिंडविकाराच्या काही रुग्णांमध्ये एक विचित्र व्याधी आढळू लागली. हातापायांची त्वचा जाड व लाकडासारखी कडक होई, सांधे आखडत आणि काही रुग्ण चालण्यासही असमर्थ होत. काहींच्या अंतर्गत अवयवांवरही परिणाम झाला. या व्याधीला पुढे नेफ्रोजेनिक सिस्टेमिक फायब्रोसिस असे नाव मिळाले. कारण मात्र काही वर्षे उमगले नाही.

२००६ च्या प्रारंभी ऑस्ट्रियातील डॉ. थॉमस ग्रोबनर यांनी गॅडोलिनियमसह तपासणी झालेल्या डायलिसिसवरील ९ रुग्णांची माहिती प्रसिद्ध केली. त्यांपैकी ५ जणांना ही व्याधी जडली होती. डेन्मार्कमधूनही त्याच वर्षी तशीच निरीक्षणे पुढे आली. अमेरिकेच्या औषध प्रशासनाने २००६ मध्ये इशारा दिला आणि २००७ मध्ये अशा सर्व औषधांच्या वेष्टनपत्रकावर ठळक चौकटीतील सूचना छापणे बंधनकारक केले. यांतील बहुसंख्य रुग्णांना काही ठरावीक रेषीय औषधे, आणि अनेकदा रक्तवाहिन्यांच्या तपासणीसाठी दुप्पट-तिप्पट मात्रेत, दिली गेली होती.

त्यानंतर जगभरातील रुग्णालयांनी तीन साध्या गोष्टी केल्या : मूत्रपिंडांची तपासणी आधी करणे, मात्रा मर्यादेत ठेवणे आणि स्थिर औषधे निवडणे. एवढ्यानेच या व्याधीचे नवे रुग्ण दिसणे जवळजवळ थांबले. २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका एकत्रित विश्लेषणात तीव्र मूत्रपिंडविकार असलेल्या ४,९३१ रुग्णांना स्थिर गटातील औषधे दिली गेल्याची नोंद आहे. त्यांत ही व्याधी एकालाही झाली नाही.

मेंदूत राहणारा अंश

दुसरा प्रश्न पुढे आला तो जपानमधून. डॉ. कांदा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१४ मध्ये असे दाखवले की, अनेकदा कॉन्ट्रास्टसह तपासणी झालेल्या रुग्णांच्या मेंदूतील काही भाग पुढे इंजेक्शनाविनाही उजळ दिसतात. मृत्यूनंतरच्या तपासणीत तेथे गॅडोलिनियम प्रत्यक्ष सापडल्याचे अमेरिकेतील संशोधकांनी २०१५ मध्ये सिद्ध केले. या रुग्णांची मूत्रपिंडे सुदृढ असतानाही असे घडले होते. रेषीय औषधांनंतर हा अंश अधिक राहतो, वलयाकार औषधांनंतर पुष्कळ कमी.

या अंशामुळे मेंदूला अपाय होतो, असे आजवर सिद्ध झालेले नाही. तरीही सावधगिरी म्हणून युरोपीय औषध संस्थेने २०१७ मध्ये शिरेतून द्यावयाच्या अनेक रेषीय औषधांची परवानगी स्थगित केली आणि दोन औषधे केवळ यकृताच्या तपासणीपुरती ठेवली. अमेरिकेने बंदी न घालता त्याच वर्षी रुग्णांना लेखी माहिती देण्याचे बंधन घातले. अनावश्यक इंजेक्शन टाळावे आणि आवश्यक असल्यास वलयाकार औषधाला प्राधान्य द्यावे, हाच या दोन्ही निर्णयांचा आशय आहे.

आपल्या रुग्णालयातील पद्धती

आपल्या रुग्णालयात सर्वसाधारण तपासणीसाठी वलयाकार औषधच वापरले जाते. यकृताच्या काही विशिष्ट गाठींसाठीच त्याला अपवाद केला जातो. मधुमेह, उच्च रक्तदाब, मूत्रपिंडविकार किंवा वर्षानुवर्षे वेदनाशामक गोळ्या घेतल्याचा इतिहास असल्यास आधी रक्तातील क्रिएटिनिन तपासून मूत्रपिंडांचा गाळणदर काढला जातो. हा दर मिनिटाला ३० मिलिलिटरहून कमी असल्यास क्ष-किरणतज्ज्ञ आणि मूत्रपिंडतज्ज्ञ एकत्रितपणे निर्णय घेतात. अशा रुग्णाला इंजेक्शन सरसकट नाकारले जात नाही. कारण मेंदूतील संसर्ग वा गाठ वेळीच न ओळखली जाणे हा त्याहून मोठा धोका ठरू शकतो. डायलिसिसवरील रुग्णाची तपासणी डायलिसिसच्या ठरलेल्या वेळेच्या आधी ठेवली जाते, जेणेकरून औषध लवकर निघून जावे.

इंजेक्शनानंतर मळमळ किंवा हातात गारवा जाणवणे हे सौम्य त्रास काहींना होतात. अंगावर पित्त उठणे, धाप लागणे अशी ॲलर्जीची प्रतिक्रिया क्वचित येते. गंभीर प्रतिक्रिया अतिशय विरळा. तरीही रुग्णाला तपासणीनंतर अर्धा तास थांबवून घेतले जाते आणि तातडीची औषधे त्याच खोलीत सज्ज असतात.

नातेवाइकांस विनंती

तपासणीस येताना मागील रक्ततपासण्यांचे कागद आणि चालू औषधांची यादी आणावी. यापूर्वी कॉन्ट्रास्टचा त्रास झाला असल्यास, मूत्रपिंडाचा विकार असल्यास किंवा डायलिसिस सुरू असल्यास ते न विसरता सांगावे. गर्भधारणेची शक्यता असेल तर ती अवश्य कळवावी. हे औषध वारेतून गर्भापर्यंत पोहोचते, म्हणून गर्भवतीस ते अत्यावश्यक असेल तरच दिले जाते. स्तनपान मात्र थांबविण्याची गरज नसते, कारण दुधातून बाळाच्या पोटात जाणारा अंश अत्यल्प असतो. आधीच्या एमआरआयच्या फिल्म वा सीडी सोबत असल्यास कित्येकदा नवे इंजेक्शन टाळता येते.

देणगीदारांस निवेदन

इंजेक्शनाआधीची रक्ततपासणी किंवा औषधाची निवड या गोष्टी नव्या यंत्रासारख्या नजरेत भरत नाहीत. त्यांच्या नावाचा फलक भिंतीवर लागत नाही. परंतु ज्याच्याजवळ रक्ततपासणीपुरतेही पैसे नाहीत, अशा रुग्णाच्या बाबतीत हीच पायरी गाळली जाण्याचा मोह सर्वत्र असतो, आणि बहुधा त्यालाच आपल्या मूत्रपिंडांची अवस्था ठाऊक नसते. निर्धन रुग्णाला आणि खासगी खोलीतील रुग्णाला एकाच कुपीतील औषध मिळावे, दोघांच्याही मूत्रपिंडांची चौकशी सारख्याच काळजीने व्हावी, हा आपला नियम आहे. तो पाळण्यासाठी लागणारा खर्च आपल्या देणग्यांतून भागतो.