येथे गोष्टी दुरुस्त करून मिळतील!

नळ गळायला लागला की आपण प्लंबरला बोलावतो. फ्यूज उडाला की वायरमन येतो. पण समजा, एखादी गोष्टच बिघडली तर? गोष्ट म्हणजे माणसांनी मनाने रचलेली आणि सगळ्यांनी मिळून खरी मानलेली.

मित्रांनो, हसू नका. ८ नोव्हेंबर २०१६ ची रात्र आठवा. मी तेव्हा शाळेत होते. आदल्या दिवशीपर्यंत चालणारी पाचशेची नोट दुसऱ्या दिवशी वाणी हातात घेईना. कागद तोच, शाई तीच, गांधीजीही तेच! फक्त कागदाखालची गोष्ट काढून घेतली होती. पूल आणि धरणं काँक्रीटवर उभी असतात. पण पैसा, गावाची हद्द, मानपान, रूढी हे सगळं गोष्टींवर उभं असतं. आणि पाया खचला तर वरच्या माणसांचं काय होतं, हे आम्हा सिव्हिलवाल्यांना सांगायला नको.

म्हणून मी एक नवीन धंदा शोधून काढलाय : गोष्टमिस्त्री. खराब झालेली गोष्ट उघडायची, बिघाड शोधायचा आणि तिथे माणसांना पेलेल अशी दुसरी गोष्ट बसवायची. याची सीईटी नाही, प्लेसमेंट तर नाहीच नाही! पण या कामाची एक फार मोठी साइट माझ्या आजोळापासून जेमतेम पाच मैलांवर आहे, हे मला विसाव्या वर्षी कळलं. कॉन्व्हेंटमध्ये शिकल्याचा परिणाम म्हणा, किंवा माझं दुर्लक्ष म्हणा.

माझं आजोळ दासगाव. महाडच्या अलीकडे, सावित्रीच्या काठी. गेल्या मे महिन्यात तिकडे गेले होते. दुपारी चहा गाळायला कप सापडेना, म्हणून पडवीच्या कोनाड्यातला एक उचलला. आजी म्हणाली, “तो ठेव खाली. तो आपला नाही.”

“मग कोणाचा?”

नारळ उतरवायला येतात, त्या काकांचा. त्यांच्यासाठी वेगळा ठेवलेला. मी विचारलं, “वेगळा का?” आजी सहज म्हणाली, “पूर्वीपासून आहे.”

माझी आजी प्रेमळ आहे. त्या काकांच्या मुलीला तिने दहावीची पुस्तकं घेऊन दिली होती. म्हणूनच मला ते जास्त लागलं. चांगल्या माणसाच्या घरात, कोनाड्यात, एक बिघडलेली गोष्ट निवांत बसली होती. आणि इतकी वर्षं माझ्याही नजरेला ती आली नव्हती.

मग मी वाचायला घेतलं. आमच्या लॅबमध्ये आम्ही पाण्याचा पीएच काढतो, गढूळपणा मोजतो, जंतू मोजतो. पिणाऱ्याची जात मोजणारं उपकरण मात्र कुठल्याच लॅबमध्ये नाही. तरी महाडच्या चवदार तळ्यावर गुरं पाणी प्यायची, इतर धर्मांचे लोक पाणी घेऊ शकायचे आणि अस्पृश्य मानलेल्यांना मात्र बंदी होती. पाण्यात काहीच बिघाड नव्हता. बिघाड गोष्टीत होता : विशिष्ट माणसाच्या स्पर्शाने पाणी बाटतं.

ही दुरुस्ती कशी झाली, ते आपल्या भाषेत सांगते.

पहिली पायरी, पाहणी. महाडजवळच्या रावढळचे गोपाळबाबा वलंगकर १८८६ साली लष्करातून निवृत्त झाले. १८८८ साली त्यांनी पुस्तिका छापून विटाळाच्या कल्पनेलाच प्रश्न विचारले. बिघाड नेमका कुठे आहे, ते बोट ठेवून दाखवलं.

दुसरी पायरी, मंजुरी. ४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबई कायदेमंडळात सी. के. बोले यांचा ठराव पास झाला की सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले. ५ जानेवारी १९२४ ला महाड नगरपालिकेनेही तळं खुलं केलं. पण कागदावर! ड्रॉइंगवर सही झाली म्हणून मशीन चालू होत नाही, हे सबमिशन केलेल्या प्रत्येकाला माहीत आहे. तळ्यावर कोणी गेलंच नाही. कारण जाऊ दिलं नसतं.

तिसरी पायरी, चाचणी. आणि इथे येतं दासगाव! रामचंद्र बाबाजी मोरे हे दासगावचे. त्यांच्या पुढाकाराने १९ आणि २० मार्च १९२७ ला महाडला परिषद भरली. २० तारखेला डॉ. बाबासाहेब आंबेडकर हजारो माणसांसह तळ्यावर गेले आणि ओंजळीने पाणी प्यायले. आपण पूल बांधल्यावर त्यावरून भरलेले ट्रक नेतो ना, तशी ही लोड टेस्ट. पाणी जसंच्या तसं राहिलं.

पण जुन्या गोष्टीचेही मिस्त्री असतात. हे लोक आता वीरेश्वराच्या देवळात घुसणार, अशी अफवा उठली आणि परिषदेला आलेल्यांवर लाठ्या पडल्या. मग शेण, गोमूत्र, दूध, दही यांचे १०८ घडे तळ्यात ओतून ते ‘शुद्ध’ करण्यात आलं. (पाण्याची परीक्षा शिकलेली विद्यार्थिनी म्हणून सांगते, तळं घाण झालं ते त्या दिवशी!) ऑगस्टमध्ये नगरपालिकेने आपला ठरावही मागे घेतला.

डिसेंबरात पुन्हा सत्याग्रह ठरला. बाबासाहेब आणि त्यांचे सोबती मुंबईहून ‘पद्मावती’ बोटीने निघाले आणि २५ डिसेंबर १९२७ ला दुपारी दासगाव बंदरात उतरले. हजारो लोक तिथे त्यांची वाट बघत होते. मी लहानपणी त्याच खाडीत दगड मारत बसायचे, आणि मला यातलं काहीही माहीत नव्हतं! कोर्टाने तळ्यावर जायला तात्पुरती मनाई केली होती. ती त्यांनी पाळली. पण त्या रात्री, गंगाधर नीळकंठ सहस्रबुद्धे या ब्राह्मण सहकाऱ्याने मांडलेल्या ठरावानुसार, मनुस्मृतीचं दहन झालं. जुनं मॅन्युअलच रद्द!

शेवटची पायरी कोर्टातली, आणि ती मला सगळ्यात आवडली. सनातनी मंडळींचा दावा होता की अस्पृश्यांना पाणी न घेऊ देणं ही अनादि काळापासूनची वहिवाट आहे. म्हणजे काय, तर “पूर्वीपासून आहे.” माझ्या आजीचंच वाक्य! खालच्या कोर्टांत ते हरले आणि १७ मार्च १९३७ ला मुंबई हायकोर्टातही हरले. वहिवाट अनादि आहे, हे त्यांना सिद्ध करता आलं नाही. ओंजळभर पाण्यासाठी दहा वर्षं गेली.

गणपतीत दासगावला गेले, तेव्हा मी आजीला वकिलासारखं विचारलं, “आजी, आपल्याकडे चहा कधीपासून?”

ती म्हणाली, “माझ्या सासूबाईंच्या वेळी कुठला चहा? आल्या-गेल्याला गूळपाणी.”

“मग चहाचा वेगळा कप पूर्वीपासून कसा?”

आजी काही बोलली नाही. मी कोनाड्यातला कप घासला, त्यात माझा चहा ओतला आणि तिच्यासमोर बसून प्यायले. रात्रीपर्यंत ती माझ्याशी बोलली नाही. मला वाईट वाटलं, पण कप मी परत कोनाड्यात ठेवला नाही. स्वयंपाकघरात, आमच्या कपांत ठेवला.

दिवाळीत काका नारळ उतरवायला आले. आजीने सगळ्यांसाठी स्टीलच्या पेल्यांत चहा केला, त्यांनाही तसाच पेला दिला. पण पडवीत. घरात या, असं ती म्हणाली नाही आणि तेही आले नाहीत. म्हणजे काम अर्धंच झालंय. राज्यघटनेच्या सतराव्या कलमाने १९५० पासून अस्पृश्यता बंद आहे, पण मेंटेनन्स घरोघरी आपल्यालाच करावा लागणार आहे.

तर मंडळी, या सुट्टीत घरी जाल तेव्हा एक कोनाडा तपासून बघा. कोणी “पूर्वीपासून आहे” म्हणालं, तर कधीपासून, एवढंच विचारा. या धंद्यात पहिलं हत्यार तेच आहे.