माइकपुढचा साक्षीदार : जॉन आर्लॉट

क्रिकेटच्या रेडिओ समालोचनाचा इतिहास जॉन आर्लॉट यांचं नाव वगळून लिहिता येत नाही, याबद्दल इंग्लंडमध्ये फारसं दुमत नाही. दुमत आहे ते त्यांची थोरवी नेमकी कशात होती याबद्दल. काही जण त्यांच्या आवाजाबद्दल बोलतात: हॅम्पशायरच्या मातीचा हेल असलेला, संथ, थोडा घोगरा आवाज. काही जण त्यांच्या भाषेबद्दल बोलतात, कारण आर्लॉट मुळात कवी होते. आणि काही जण दक्षिण आफ्रिकेतल्या वर्णभेदाविरुद्ध त्यांनी घेतलेल्या भूमिकेबद्दल बोलतात, पण ती त्यांच्या चरित्रातली एक वेगळी, समालोचनाशी संबंध नसलेली गोष्ट असल्यासारखी. माझं म्हणणं असं आहे की ही विभागणी चुकीची आहे. जो माणूस चेंडू कुठे पडला, फलंदाजाचा पाय कुठे होता, ढग कुठून आले हे न चुकता सांगत होता, तोच माणूस मैदानात कोणाला येऊच दिलं जात नाही हेही सांगत होता. डोळ्यांसमोर जे आहे ते सांगायचं, आणि सोयीचं नसलं तरी सांगायचं, ही त्यांच्या कामाची एकच शिस्त होती.

ही शिस्त कुठून आली हे पाहण्यासाठी त्यांच्या आयुष्याचा पूर्वार्ध महत्त्वाचा आहे. 25 फेब्रुवारी 1914 रोजी बेसिंगस्टोक इथे त्यांचा जन्म झाला. घर म्हणजे गावच्या दफनभूमीच्या रखवालदाराचं निवासस्थान. विद्यापीठाची पायरी ते चढले नाहीत. शाळा सुटल्यावर कारकुनी केली, मनोरुग्णालयात नोकरी केली आणि 1934 साली साउथॅम्प्टनच्या पोलीस दलात शिपाई म्हणून भरती झाले. तिथे त्यांनी अकरा वर्षं काढली. रात्रीच्या गस्ती, जबाब, वहीतल्या नोंदी. पोलिसाला कोर्टात उभं राहून काय दिसलं आणि केव्हा दिसलं ते सांगावं लागतं. काय वाटलं याला तिथे किंमत नसते. याच काळात ते कविता लिहू लागले. जॉन बेट्जमन यांच्यासारख्या प्रस्थापित कवीने त्यांना उत्तेजन दिलं, युद्धकाळात रेडिओवर बोलायच्या संधी आल्या, आणि 1945 साली पोलिसाची वर्दी उतरवून ते बीबीसीच्या ओव्हरसीज विभागात साहित्यविषयक कार्यक्रमांचे निर्माते झाले. पूर्वेकडच्या श्रोत्यांसाठीच्या ईस्टर्न सर्व्हिसमधली ही जागा त्यांच्या आधी जॉर्ज ऑर्वेल यांनी सांभाळली होती. मराठी वाचकाला हा विभाग अगदीच परका नाही. कोल्हापूरकडच्या वेणू चितळे युद्धाच्या वर्षांत ऑर्वेल यांच्याबरोबर इथेच काम करत होत्या आणि इथूनच मराठी बातमीपत्रही प्रसारित होत होतं. आर्लॉट इथे कवितेचे कार्यक्रम करायचे. त्यात वाचनासाठी डिलन टॉमस नेहमी यायचे.

आर्लॉट समालोचक झाले ते भारतामुळे, आणि ही गोष्ट आपल्याकडे असायला हवी तितकी माहीत नाही. 1946 च्या उन्हाळ्यात नवाब इफ्तिखार अली खान पतौडींच्या नेतृत्वाखाली भारतीय संघ इंग्लंडला गेला. युद्धानंतरचा इंग्लंडमधला तो पहिला पूर्ण दौरा. संघात विजय मर्चंट, विजय हजारे, विनू मांकड, चंदू सरवटे, रंगा सोहोनी, सदू शिंदे, दत्ताराम हिंडलेकर अशी मंडळी होती. भारतातल्या श्रोत्यांसाठी या दौऱ्याचा वृत्तान्त हवा होता, आणि ईस्टर्न सर्व्हिसमध्ये क्रिकेटचा नाद असलेला एक निर्माता हाताशी होता. सुरुवातीच्या सामन्यांपुरतं दिलेलं हे काम भारतातून आलेल्या पसंतीमुळे उन्हाळाभर चाललं. मर्चंटने त्या दौऱ्यात 2,385 धावा केल्या. मांकडने हजाराहून जास्त धावा आणि शंभराहून जास्त बळी अशी दुहेरी कामगिरी केली. सरेविरुद्ध ओव्हलवर सरवटे आणि शुटे बॅनर्जी या दहाव्या आणि अकराव्या क्रमांकाच्या जोडीने अखेरच्या गड्यासाठी 249 धावा जोडल्या आणि दोघांनी शतकं ठोकली. या दौऱ्यावर आर्लॉट यांनी पुस्तकही लिहिलं. म्हणजे जो आवाज पुढे चौतीस वर्षं इंग्लिश उन्हाळ्याचा आवाज मानला गेला, त्याला पहिली दाद मिळाली ती भारतीय श्रोत्यांची. मायदेशातल्या श्रोत्यांसमोर ते नंतर आले.

मायदेशात अडचण आवाजाचीच होती. त्या काळच्या बीबीसीत माइकपुढे बसणारे बहुतेक जण महागड्या खासगी शाळांत शिकलेले होते आणि त्यांची इंग्रजीही तशीच घोटीव होती. आर्लॉट बोलले की गावाकडचा माणूस बोलतोय हे लगेच कळे. बाह्य प्रक्षेपण विभागाचे प्रमुख सेमूर द लॉटबिनिएर यांनी त्यांना तोंडावरच सांगितलं होतं, तुमचा आवाज गावंढळ आहे पण डोकं मात्र रंजक आहे. आर्लॉट यांनी हेल बदलला नाही. याला काही जण हट्ट म्हणतील. मला त्यात कामाची जाण दिसते, कारण उसन्या उच्चारात बोलणाऱ्याचं निम्मं लक्ष स्वतःच्या जिभेवर असतं, आणि समालोचकाचं सगळं लक्ष मैदानावर हवं.

ते लक्ष काय करू शकतं याचा एक नमुना 14 ऑगस्ट 1948 चा आहे. ओव्हलवर इंग्लंडचा डाव अवघ्या 52 धावांत आटोपला होता आणि डॉन ब्रॅडमन आपल्या शेवटच्या कसोटीत फलंदाजीला आला. इंग्लंडच्या खेळाडूंनी त्याच्याभोवती उभं राहून तीनदा जयघोष केला. रेक्स ॲल्स्टन यांच्याकडून माइक नुकताच आर्लॉट यांच्याकडे आला होता. एरिक हॉलिसचा पहिला चेंडू ब्रॅडमनने खेळून काढला, दुसऱ्यावर त्रिफळा. शून्य. आर्लॉट यांनी आधी तेवढंच सांगितलं: बाद, गोलंदाज हॉलिस, धावा शून्य. मग क्षणभर थांबून त्यांनी एक शंका बोलून दाखवली: ज्या मैदानावर आपण आयुष्यातला सर्वांत मोठा खेळ केला तिथल्या शेवटच्या सामन्यात, प्रतिस्पर्ध्यांनी नुकताच जयघोष केलेला असताना, माणसाला चेंडू नीट दिसत तरी असेल का? ब्रॅडमनला सरासरी शंभरावर न्यायला फक्त चार धावा हव्या होत्या; ती 99.94 वर कायमची थांबली. पण त्या दिवशी हे गणित चर्चेत नव्हतं आणि आर्लॉट त्याबद्दल काही बोलले नाहीत. ते बोलले फलंदाजाच्या डोळ्यांबद्दल. आकडा आज कोणीही पुस्तकातून काढू शकतो. ती शंका मात्र त्या मिनिटाला तिथे बसलेल्या आणि पाहत असलेल्या माणसालाच सुचू शकत होती.

यावर जुना आक्षेप असा की आर्लॉट खेळात साहित्य घुसवत. ते स्वतः दर्जेदार क्रिकेट खेळले नव्हते, हॅम्पशायरसाठी एकदा बदली क्षेत्ररक्षक म्हणून मैदानात उतरले तेवढंच. त्यामुळे तंत्राची उणीव ते उपमांनी भरून काढत, असं टीकाकारांचं म्हणणं. आक्षेप अगदीच निराधार नाही. चेंडूची शिवण कशी धरली होती हे समजून घ्यायला ट्रेव्हर बेलींसारखा माजी कसोटीपटूच हवा, आणि आर्लॉट ते काम आनंदाने त्यांच्यावर सोपवत. पण उपमा ही सजावट होती हे मला मान्य नाही. 1975 च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात लॉर्ड्सवर क्लाइव्ह लॉइडने 85 चेंडूंत 102 धावा फटकावल्या. मिडविकेटवरून उंच गेलेला त्याचा एक चौकार सांगताना आर्लॉट म्हणाले, फिरायला निघालेला माणूस हातातल्या काठीने काटेरी झुडपाचा शेंडा उडवतो तसा हा फटका. या एका वाक्यात बॅटचा मार्ग आहे, मनगटाचा सैलपणा आहे, आणि गोलंदाजाबद्दलची लॉइडची बेफिकिरीही आहे. रेडिओच्या श्रोत्याला डोळे नसतात. त्याला ‘जोरदार फटका, चौकार’ एवढंच सांगितलं तर त्याच्या हाती काहीच लागत नाही. इथे उपमा हीच अचूक माहिती आहे.

आता दुसरी बाजू. 1948-49 च्या हिवाळ्यात इंग्लंडचा संघ दक्षिण आफ्रिकेला गेला आणि आर्लॉट समालोचनासाठी बरोबर होते. तिथे नॅशनल पक्षाची राजवट येऊन काही महिनेच झाले होते. आर्लॉट मैदानांपुरते थांबले नाहीत. जोहान्सबर्गजवळच्या कृष्णवर्णीयांच्या वस्त्यांमध्ये ते गेले. देश सोडताना एका सरकारी अर्जावर ‘वंश’ असा रकाना होता. त्यात त्यांनी ‘मानव’ असं लिहिलं. परतल्यावर 1950 साली ‘एनी क्वेश्चन्स?’ या कार्यक्रमात त्यांनी तिथल्या सरकारची जात नाझी आहे असं उघड सांगितलं आणि त्याबद्दल त्यांना त्या कार्यक्रमातून काही काळ बाहेर राहावं लागलं. नंतर ते लिबरल पक्षाकडून एपिंगमधून दोनदा निवडणुकीला उभे राहिले आणि दोन्ही वेळा पडले, पण त्यांचं खरं राजकीय काम संसदेबाहेरच व्हायचं होतं.

ते एका पत्राने सुरू झालं. बेसिल डॉलिव्हिएरा हा केपटाऊनचा क्रिकेटपटू तिथल्या कायद्याच्या भाषेत ‘रंगीत’ होता. गोऱ्यांच्या मैदानावर त्याला पाऊल टाकता येत नव्हतं, देशाकडून खेळणं तर दूरच. ओबडधोबड मॅटिंगवर तो धावांचे डोंगर रचत होता. रेडिओवर ऐकलेल्या आर्लॉट यांचा आवाज त्याला भला वाटला आणि 1958 च्या सुमारास त्याने त्यांना लिहिलं: इंग्लंडमध्ये मला कुठे खेळायला मिळेल का? आर्लॉट यांनी उत्तर दिलं आणि दारोदार विचारणा सुरू केली. एकाही क्लबला न पाहिलेल्या खेळाडूवर पैसा लावायचा नव्हता. शेवटी पत्रकार जॉन के यांच्या मदतीने, वेस्ट इंडीजच्या वेस हॉलने अचानक माघार घेतल्यामुळे, सेंट्रल लँकेशायर लीगमधल्या मिडल्टन क्लबमध्ये 1960 च्या मोसमासाठी जागा मिळाली. मानधन 450 पौंड, आणि त्यातले जवळजवळ 200 प्रवासातच जाणार. पुढचं यश डॉलिव्हिएराचं स्वतःचं: 1964 मध्ये वूस्टरशायर, 1966 मध्ये इंग्लंडकडून कसोटी पदार्पण. यात नशिबाचा वाटा होताच. हॉलने माघार घेतली नसती तर काय झालं असतं सांगता येत नाही. पण नशिबाने दार उघडलं तेव्हा आत ढकलण्यासाठी एक नाव तयार होतं, आणि ते नाव दोन वर्षं चिकाटीने कोणीतरी सांगत राहिलं होतं.

1968 च्या ऑगस्टमध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध ओव्हलवर डॉलिव्हिएराने 158 धावा केल्या. पुढचा दौरा दक्षिण आफ्रिकेचा होता. निवड समितीने त्याला वगळलं. त्यावर गदारोळ झाला, टॉम कार्टराइट दुखापतीमुळे बाहेर पडला, त्याच्या जागी डॉलिव्हिएराला घेतलं, आणि दक्षिण आफ्रिकेचे पंतप्रधान फॉर्स्टर यांनी हा संघ आम्हाला मान्य नाही असं जाहीर केलं. दौरा रद्द झाला. 1970 मध्ये दक्षिण आफ्रिकेचा संघ इंग्लंडला यायचा होता, तेव्हा ‘गार्डियन’चे क्रिकेट प्रतिनिधी असलेल्या आर्लॉट यांनी त्याच वृत्तपत्रात लिहिलं की या मालिकेचं समालोचन मी करणार नाही. तो दौराही सरकारच्या सांगण्यावरून रद्द झाला.

खेळात राजकारण आणू नये, हे त्या वेळी त्यांना अनेकांनी ऐकवलं आणि आजही ऐकायला मिळतं. पण राजकारण आणलं कोणी? 1970 पर्यंत दक्षिण आफ्रिका कसोटी खेळली ती फक्त इंग्लंड, ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडशी. भारत, पाकिस्तान, वेस्ट इंडीज यांच्याशी एकदाही नाही. संघ कातडीच्या रंगावरून निवडला जात होता आणि प्रतिस्पर्धीही. हे राजकारण असताना फक्त चेंडू-षटकांबद्दल बोलत राहणं म्हणजे तटस्थ राहणं, हे मला पटत नाही. ते अर्धवट सांगणं झालं. शिवाय आर्लॉट यांनी समालोचन कक्षाचा वापर भाषणासाठी केला नाही. मत मांडलं ते वृत्तपत्रात स्वतःच्या नावाने, आणि कमाईवर पाणी सोडून.

याहून कठीण आक्षेप निष्पाप खेळाडूंचा आहे. 1970 नंतर दक्षिण आफ्रिकेवर पडलेल्या बहिष्काराने ग्रॅम पोलॉकची कारकीर्द 23 कसोटींवर थांबली, माइक प्रॉक्टरची 7, आणि बॅरी रिचर्ड्सची अवघ्या 4. रिचर्ड्स तर हॅम्पशायरकडून खेळत होता, आर्लॉट यांच्या लाडक्या काउंटीकडून. त्याची फलंदाजी जवळून पाहणाऱ्याला आपण काय गमावतो आहोत हे पुरतं ठाऊक होतं. तरी त्यांनी निर्णय बदलला नाही. मला तो बरोबर वाटतो. रिचर्ड्सच्या न झालेल्या कसोटींची निदान हळहळ व्यक्त होते. डॉलिव्हिएराबरोबर मॅटिंगवर खेळलेल्या आणि पत्र न लिहिलेल्या खेळाडूंची नावंसुद्धा कुठल्या धावफलकावर नाहीत.

2 सप्टेंबर 1980 रोजी लॉर्ड्सवर, शतकमहोत्सवी कसोटीत, आर्लॉट यांनी शेवटचं कसोटी समालोचन केलं. निरोपाचं भाषण नाही. षटक संपलं, त्यांनी धावसंख्या सांगितली, पुढे ट्रेव्हर बेली आणि त्यांच्यानंतर कोण बोलणार ते सांगितलं आणि माइक सोडला. मैदानावर घोषणा झाली तेव्हा खेळाडूंनी समालोचन कक्षाकडे वळून टाळ्या वाजवल्या. त्या काही सेकंदांचं आणि ब्रॅडमनच्या त्रिफळ्याचं ध्वनिमुद्रण आजही मिळतं. इंग्लिश क्रिकेटची आवड असो वा नसो, बोलण्याचं काम करणाऱ्या प्रत्येकाने ते एकदा ऐकावं.

पुढची वर्षं त्यांनी ऑल्डर्नी बेटावर काढली. 10 नोव्हेंबर 1991 रोजी दक्षिण आफ्रिकेचा संघ एकवीस वर्षांनी आंतरराष्ट्रीय क्रिकेटमध्ये परतला तो कोलकात्याच्या ईडन गार्डन्सवर, भारताविरुद्ध. त्यानंतर महिन्याभराने, 14 डिसेंबरला, आर्लॉट यांचं निधन झालं. 2004 पासून इंग्लंड आणि दक्षिण आफ्रिका यांच्यातली कसोटी मालिका बेसिल डॉलिव्हिएरा करंडकासाठी खेळली जाते.