सामन्यात शिरतानाच हँग होणारा गेम

काउंटर-स्ट्राइक १.६ या जुन्या ऑनलाइन शूटर गेमचा एक त्रास गोळीबार सुरू होण्याआधीचा असतो. यादीतून सर्व्हर निवडून ‘कनेक्ट’ दाबले की पडद्यावरची पट्टी थोडी सरकते आणि थांबते. माउस हलत नाही, आवाज तुटतो आणि विंडोज ‘नॉट रिस्पॉन्डिंग’ असा शेरा मारते. कधी अर्ध्या मिनिटाने गेम आपोआप सुरू होतो, तर कधी संगणकच बंद करावा लागतो. अशा वेळी गेम काढून पुन्हा टाकण्याचा मार्ग अनेकांना जवळचा वाटतो, पण त्याने फरक पडेलच असे नाही. सामन्यात शिरण्याचे काम टप्प्याटप्प्याने होते आणि प्रत्येक टप्प्यावर अडकण्याची कारणे निराळी असतात. गेम कुठे थांबला हे कळले, तर उपाय कुठे करायचा तेही कळते.

मिन्ह ले आणि जेस क्लिफ या दोघांनी १९९९ मध्ये ‘हाफ-लाइफ’ या गेममध्ये फेरफार करून काउंटर-स्ट्राइक तयार केला. व्हॉल्व्ह कंपनीने तो नोव्हेंबर २००० मध्ये अधिकृतपणे बाजारात आणला आणि सप्टेंबर २००३ मध्ये १.६ ही आवृत्ती स्टीम या सेवेबरोबर आली. कमी ताकदीच्या संगणकावर चालणारा आणि इंटरनेट नसले तरी एकाच खोलीतले संगणक केबलने जोडून खेळता येणारा हा गेम भारतातल्या सायबर कॅफेंमध्ये चांगलाच रुजला. मात्र त्याचे इंजिन त्या काळच्या विंडोजसाठी, हार्ड डिस्कसाठी आणि मोडेमच्या वेगासाठी लिहिलेले आहे. आज विदर्भातल्या भंडारा, तुमसर किंवा साकोलीच्या घरातून तो फायबर जोडणीवर किंवा मोबाइलच्या हॉटस्पॉटवर खेळला जातो, तेव्हा जुने इंजिन आणि नवी परिस्थिती यांची गाठ पडते ती सामन्यात शिरण्याच्या क्षणी.

जोडणीचे टप्पे

आधी खेळाडूचा संगणक सर्व्हरकडे प्रवेश मागतो. सर्व्हर एक आकडा पाठवतो आणि तोच आकडा घेऊन पुन्हा यायला सांगतो. खोट्या पत्त्यावरून होणारा मारा यामुळे रोखता येतो. त्यानंतर स्टीमकडून खात्याची ओळख पटवली जाते. मग सर्व्हर मॅपचे नाव, नियम आणि लागणाऱ्या फाइलींची यादी पाठवतो. ही यादी खेळाडूच्या डिस्कवरच्या फाइलींशी ताडली जाते आणि नसलेल्या फाइली उतरवून घेतल्या जातात. पुढच्या टप्प्यात मॅप, आवाज आणि पात्रांची मॉडेल मेमरीत चढतात. शेवटी मैदानातली ताजी स्थिती येते आणि संघ निवडण्याची चौकट दिसते.

सुरुवातीचे टप्पे नेटवर्कवर अवलंबून असतात, तर फाइली मेमरीत चढवण्याचे काम डिस्क आणि प्रोसेसरवर. हा गेम बहुतेक कामे एकामागून एक करतो. मॅप चढत असताना तो विंडोजच्या विचारणेला उत्तर देऊ शकत नाही आणि पाच सेकंद उत्तर आले नाही की विंडोज ‘नॉट रिस्पॉन्डिंग’ लिहून मोकळी होते. म्हणजे हा शेरा दिसला तरी गेम बंद पडलेला असतोच असे नाही. तो कामात गुंतलेलाही असू शकतो. त्यामुळे घाईने बंद करण्याआधी एक-दोन मिनिटे थांबून पाहणे शहाणपणाचे.

त्या वेळात कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही बटणे एकत्र दाबून टास्क मॅनेजर उघडावा. डिस्कचा आकडा शंभर टक्क्यांना टेकला असेल तर अडचण डिस्कवर आहे. प्रोसेसरचा एखादा कोअर पूर्ण वापरात असेल तर मॅप चढतो आहे. डिस्क, प्रोसेसर आणि नेटवर्क तिन्ही शांत असतील तर गेम सर्व्हरच्या उत्तराची वाट पाहतो आहे.

दुसरी चाचणी याहून सोपी. इंटरनेट बंद करून ‘न्यू गेम’मधून ‘डस्ट २’सारखा मूळ मॅप आपल्याच संगणकावर सुरू करावा. तिथेही गेम हँग झाला तर दोष संगणकात किंवा फाइलींत आहे. तो सुरळीत चालला तर नेटवर्क, सर्व्हर किंवा त्या सर्व्हरने मागितलेल्या जादा फाइली यांच्याकडे वळावे.

नेटवर्कची अडचण

सर्व्हर दूर असल्यामुळे गेम हँग होतो, अशी समजूत असते. प्रकाश फायबरमधून सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. भंडाऱ्याहून मुंबईपर्यंत तारेची वाट हजार किलोमीटर धरली, तर जाऊन येण्यास दहा मिलिसेकंद पुरतात. सिंगापूर सरळ रेषेत साधारण साडेतीन हजार किलोमीटरवर आहे. तिथे हाच हिशेब पस्तीस मिलिसेकंदांचा होतो. वाटेतली यंत्रे यात भर घालतात, पण पिंग, म्हणजे जाऊन येण्याचा हा वेळ, दीडशे मिलिसेकंद झाला तरी खेळ संथ होईल, थिजणार नाही. जोडणी थिजते ती वाटेत माहितीचे पॅकेट हरवल्याने. सामन्यात शिरताना येणारी माहिती या इंजिनात तुकड्यातुकड्याने पाठवली जाते आणि आधीचा तुकडा पोहोचल्याची पोच मिळाल्याशिवाय पुढचा निघत नाही. एक तुकडा हरवला की मागचे सगळे खोळंबतात.

पॅकेट कुठे हरवते हे कमांड प्रॉम्प्टमधल्या पिंगच्या आज्ञेने कळते. आधी घरच्या राउटरला पिंग करावे. तिथेच उत्तरे गळत असतील तर दोष वाय-फायचा आहे आणि केबल लावल्यास प्रश्न सुटतो. राउटरपर्यंत सगळे ठीक पण बाहेर गळती असेल तर सेवा देणाऱ्या कंपनीकडे तक्रार करावी. हॉटस्पॉटवर खेळताना मोबाइलचा सिग्नल क्षणाक्षणाला कमीजास्त होतो. फोन खिडकीशी ठेवून यूएसबी केबलने जोडल्यास निदान घरातल्या घरात होणारी गळती थांबते.

सर्व्हरची यादी उघडतानाच सगळे थांबत असेल तर कारण वेगळे. यादी ताजी करताना स्टीम थोड्या वेळात शेकडो सर्व्हरना विचारणा पाठवते आणि साधा राउटर त्या ओझ्याखाली गुदमरतो. स्टीमच्या सेटिंगमध्ये दर मिनिटाच्या विचारणांची मर्यादा कमी करता येते. नेहमीचा सर्व्हर ‘फेवरिट्स’मध्ये ठेवला तर पूर्ण यादी उघडण्याची गरजच उरत नाही.

जुनी सेटिंगही घात करते. ‘रेट’ हा आकडा सर्व्हरने सेकंदाला किती बाइट पाठवावेत हे ठरवतो. मोडेमच्या काळातली, २५०० रेट असलेली सेटिंग-फाइल एका संगणकावरून दुसऱ्यावर तशीच फिरत राहिली, तर सहा मेगाबाइटचा मॅप उतरायला चाळीस मिनिटे लागतील आणि खेळाडूला गेम बंद पडला असेच वाटेल. गेमच्या कन्सोलमध्ये, म्हणजे आज्ञा टाइप करण्याच्या खिडकीत, रेट २५००० केला की हीच वाट दहापट रुंद होते.

घरच्या संगणकावर सर्व्हर उभारला असताना बाहेरचे मित्र अडकत असतील तर वेगळी गोष्ट तपासावी लागते. मोबाइल आणि काही फायबर कंपन्या अनेक ग्राहकांना मिळून एकच सार्वजनिक पत्ता देतात. अशा जोडणीवर बाहेरून आलेली हाक घरापर्यंत पोहोचत नाही. राउटरमध्ये यूडीपी २७०१५ हे पोर्ट उघडले तरी उपयोग होत नाही. कंपनीकडून स्वतंत्र पत्ता घ्यावा लागतो.

फाइलींचा गुंता

मूळ मॅप चालतात पण एखाद्या ठराविक सर्व्हरवरच गेम अडकतो, तेव्हा फाइलींवर संशय घ्यावा. काही सर्व्हर स्वतःचे मॅप, आवाज आणि पात्रांची मॉडेल वापरतात. त्यांनी वेब सर्व्हरवरून फाइली देण्याची सोय केली असेल तर डाउनलोड झटपट होते. नसेल तर त्या गेमच्याच संथ वाटेने येतात. मध्येच वीज गेली किंवा कंटाळून गेम बंद केला तर अर्धवट फाइल मागे राहू शकते आणि पुढच्या वेळी तिच्यावरच गाडी अडते. २०१३ नंतरच्या स्टीम आवृत्तीत उतरवलेल्या फाइली ‘सीस्ट्राइक डाउनलोड्स’ या वेगळ्या फोल्डरमध्ये जमतात. ते फोल्डर दुसरीकडे हलवून पुन्हा जोडून पाहावे. लागणाऱ्या फाइली गेम नव्याने आणतो. मूळ फाइली मात्र स्टीममधल्या तपासणीच्या सोयीने दुरुस्त होतात. ही तपासणी बाहेरून आलेल्या फाइलींना हात लावत नाही, म्हणून दोन्ही कामे करावी लागतात.

सहज नजरेतून सुटणारे एक कारण म्हणजे ‘कस्टम डॉट एचपीके’ ही फाइल. खेळाडू भिंतीवर जी चित्रे उमटवतात, त्यांना स्प्रे म्हणतात. प्रत्येक सामन्यात इतरांचे स्प्रे उतरतात आणि या एकाच फाइलीत साठत जातात. वर्षानुवर्षे ती फुगली की सामन्यात शिरताना किंवा नवा खेळाडू आला की गेम क्षणभर थिजतो. गेम बंद करून ‘सीस्ट्राइक’ फोल्डरमधली ही फाइल पुसून टाकली तरी चालते. गेम ती पुन्हा रिकामी तयार करतो.

पात्रांची रूपे बदललेली असतील तर सर्व्हर फाइली जुळत नसल्याचे सांगून बाहेर काढू शकतो. मूळ फाइली परत ठेवणे हाच त्यावर इलाज.

संगणकाची बाजू

‘न्यू गेम’मध्येही गेम हँग होत असेल तर डिस्कपासून सुरुवात करावी. अवेळी वीज गेल्याने जुन्या हार्ड डिस्कवर लिहिणे अर्धवट राहते. कालांतराने काही भाग वाचताना डिस्क अडखळते आणि गेम तिची वाट पाहत बसतो. विंडोजमधली डिस्क तपासणी चालवावी, शक्य असल्यास गेम एसएसडीवर हलवावा. संगणक आणि राउटर दोन्ही यूपीएसवर असतील तर वीज गेल्यावरही फाइली आणि जोडणी शाबूत राहतात. विदर्भातल्या उन्हाळ्यात पारा चाळीसच्या वर असताना पंख्यात धूळ साचलेला संगणक तापतो आणि प्रोसेसर स्वतःचा वेग कमी करतो. सकाळी ठीक चालणारा गेम दुपारी अडकत असेल तर झाडलोट हा पहिला उपाय.

अँटिव्हायरस प्रत्येक फाइल उघडताना तपासतो, त्यामुळे शेकडो छोट्या फाइली चढवताना वेळ जातो. स्टीमवरून घेतलेल्या प्रतीचे फोल्डर या तपासणीतून वगळता येते. भारतात या गेमच्या नॉन-स्टीम प्रती खूप फिरल्या. अनोळखी ठिकाणाहून आलेल्या अशा प्रतीसाठी मात्र अँटिव्हायरस सैल करणे धोक्याचे आहे.

पडदा काळा होऊन फक्त आवाज येत असेल तर मॅप चढला आहे, चित्र अडले आहे. गेम विंडोमध्ये चालवून पाहावा. तसे केल्यावर सुटला तर ग्राफिक्स ड्रायव्हर नवा करावा आणि ‘एचएल’ या प्रोग्रामच्या गुणधर्मांत विंडोज १० पासून आलेले फुलस्क्रीन ऑप्टिमायझेशन बंद करावे.

विंडोज ७ असलेल्या संगणकांचा प्रश्न निराळा. १ जानेवारी २०२४ पासून स्टीमने विंडोज ७ आणि ८ ला आधार देणे थांबवले. अशा संगणकावर ओळख पटवण्याच्या टप्प्यालाच जोडणी अडू शकते. नव्या विंडोजवर हीच तक्रार आली तर स्टीम पूर्ण बंद करून पुन्हा सुरू करणे अनेकदा पुरते.

सर्व्हरचा दोष

काही सर्व्हर यादीत भरलेले दिसतात, प्रत्यक्षात रिकामे असतात किंवा जोडणाऱ्याला परस्पर दुसरीकडे ढकलतात. काही सर्व्हर खेळाडूच्या संगणकावर आज्ञा पाठवून त्याची सेटिंग बदलतात. मग इतर सर्व्हरवरही गेम नीट जोडला जात नाही. ‘सीएल फिल्टरस्टफकमांड’ ही सेटिंग १ केली की अशा आज्ञांना आळा बसतो. आधीच बिघडलेली ‘कॉन्फिग’ फाइल पुसून बटणांची मांडणी नव्याने करावी लागते. चार प्रयत्नांनंतर जोडणी फसल्याचा संदेश आला आणि बाकीचे सर्व्हर चालत असतील तर दोष त्या सर्व्हरचा. खेळाडूच्या बाजूने काही करण्यासारखे नसते.

प्रत्येक जुना गेम असा दुरुस्त होतोच असे नाही. गेमस्पाय ही खेळाडूंना सर्व्हरशी जोडून देणारी सेवा २०१४ मध्ये बंद झाली आणि ‘बॅटलफील्ड १९४२’, ‘बॅटलफील्ड २’ यांसारख्या गेमची अधिकृत ऑनलाइन सोय संपली. तिथे जोडणी अडते कारण पलीकडे उत्तर द्यायला यंत्रच नाही. काउंटर-स्ट्राइक १.६ टिकला, कारण त्याचे सर्व्हर कोणालाही उभारता येतात आणि ओळख पटवणारी स्टीम अजून चालू आहे. म्हणून जुन्या गेमच्या सेटिंगला हात लावण्याआधी त्याची मध्यवर्ती सेवा जिवंत आहे का, हे पाहणे ही पहिली पायरी. त्यानंतर घरच्या मॅपची चाचणी, मग नेटवर्क, मग फाइली, आणि गेम पुन्हा टाकण्याचा मार्ग सर्वांत शेवटी.