तक्रार कोणाची नव्हे, कशाची?

मद्रासची महानगरपालिका १६८८ साली स्थापन झाली. देशातील ती सर्वांत जुनी. तिच्या छत्राखाली १९२०च्या दशकात एका विस्तीर्ण तलावाच्या जागेवर टी. नगर वसवले गेले आणि जस्टिस पक्षाचे नेते पिट्टी त्यागराय चेट्टी यांचे नाव त्याला मिळाले. निवासासाठी आखलेल्या या वसाहतीत आज रंगनाथन रस्त्यावर दिवाळीपूर्वी पाऊल ठेवायला जागा नसते. ‘परवान्याविना चाललेला धंदा’ या तक्रारीला प्रशासन कसे सामोरे जाते, हे तपासण्यास याहून योग्य ठिकाण नाही.

येथील बहुमजली दुकानांविरुद्धच्या तक्रारी जुन्या आहेत. मंजूर नकाशापेक्षा अधिक मजले, मोकळी न सोडलेली जागा, अडवलेले जिने. १९९८ मध्ये तामिळनाडूने नगररचना कायद्यात कलम ११३-अ घालून दंड आकारून बांधकामे नियमित करण्याची वाट काढली. सर्वोच्च न्यायालयाने २००० साली ती एकवेळची सवलत म्हणून मान्य केली. पुढे मुदत वाढतच गेली आणि २००६ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाने ती मुदतवाढ रद्द ठरवली. २००८ मध्ये रंगनाथन रस्त्यावरील एका दुकानाला आग लागून दोन कर्मचारी दगावले. २०११च्या ऑक्टोबरअखेर इमारतींना टाळे लागले. पुढील वर्षाच्या आरंभी सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने ती तात्पुरती उघडली. ३१ मे २०१७ रोजी उस्मान रस्त्यावरील एक बहुमजली वस्त्रदालन जळाले आणि इमारतीचा काही भाग कोसळला.

त्याच परिसरातील पाँडी बाजारात पदपथावरच्या फेरीवाल्यांना मात्र २०१३ मध्ये एका संकुलात हलवण्यात आले. रस्ता मोकळा झाला, हे खरे. परंतु इमारतींच्या बाबतीत खटले, सवलती व मुदतवाढी यांत वर्षे गेली. नियम मोडणाऱ्याच्या ऐपतीनुसार प्रशासनाचा वेग बदलत असेल, तर त्याला न्याय म्हणता येणार नाही.

सेवेत असताना एका नगरपालिकेत माझ्याकडे एकाच खानावळीविरुद्ध चार निनावी अर्ज आले. चारही एकाच हस्ताक्षरात. शेजारच्या प्रतिस्पर्ध्याचे ते काम, हे उघड होते. सहकारी म्हणाले, ‘साहेब, फाइल बंद करू.’ मी पाहणी करवली. परवाना खरोखरच नव्हता आणि प्रतिस्पर्ध्याचाही संपलेला होता. दोघांना एकाच मजकुराची नोटीस गेली, दोघांचे म्हणणे ऐकले गेले, दोघांना समान मुदत मिळाली. तक्रारदाराचा हेतू मलिन असू शकतो. त्यामुळे वस्तुस्थिती खोटी ठरत नाही. आणि वस्तुस्थिती खरी असली, तरी ऐकून घेण्याचा हक्क संपत नाही.

हे तत्त्व नवे नाही. मुंबईतील पदपथवासीयांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्येच, हटवण्यापूर्वी नोटीस व सुनावणी हाच नियम असल्याचे सांगितले. २०१४च्या पथविक्रेता कायद्याने शहर विक्रेता समितीत किमान ४० टक्के प्रतिनिधित्व विक्रेत्यांना दिले आणि गाऱ्हाण्यांसाठी न्यायिक अनुभव असलेल्या अध्यक्षाची समिती नेमण्यास सांगितले. दुसऱ्या टोकाला मुंबईतच, २९ डिसेंबर २०१७ रोजी कमला मिल परिसरातील आगीत १४ जणांचा बळी गेला. तेथील अनधिकृत बांधकामांविषयी आधी तक्रारी झाल्या होत्या. ऐकून न घेता हटवणे आणि ऐकूनही न हलणे, ही एकाच कर्तव्यच्युतीची दोन रूपे होत.

म्हणून पालिकांकडून फार मोठे काही मागायचे नाही. प्रत्येक तक्रारीला क्रमांक आणि तारीख असावी. पाहणी ठरलेल्या मुदतीत व्हावी. दोन्ही बाजू ऐकून कारणे नमूद केलेला आदेश निघावा आणि तो तक्रारदार व व्यावसायिक दोघांनाही मिळावा. जिन्यात माल रचलेला असेल तर धोका तत्काळ दूर व्हावा; कागद अपुरे असतील तर पूर्ततेस अवधी मिळावा. कारवाई न करण्याचा निर्णयही सहीनिशी लेखी असावा. सही करावी लागली की निष्क्रियतेलाही जाब द्यावा लागतो.