रिचर्ड बर्टन : एका आवाजाचा मागोवा

रिचर्ड बर्टन या वेल्श नटाच्या जन्माला १० नोव्हेंबर २०२५ रोजी शंभर वर्षे पूर्ण झाली. त्याला जाऊनही चार दशके उलटली. आणि तरीसुद्धा त्याचे नाव निघाले की लोकांना आठवतात त्या गोष्टी म्हणजे एलिझाबेथ टेलरशी दोनदा झालेला विवाह आणि दोनदा झालेली फारकत, तिच्यासाठी खरेदी केलेले हिरे, त्याची मद्यासक्ती, आणि ऑस्करसाठी सात वेळा नामांकन होऊनही एकदाही पदरात न पडलेला पुरस्कार. दैवी देणगी लाभलेल्या एका नटाने द्रव्यलोभाने रंगभूमीशी बेइमानी केली, हा निवाडा तर त्याच्या हयातीतच देऊन झाला होता, आणि पुढच्यांनी तो पुराव्याची फेरतपासणी न करता जसाच्या तसा उतरवून घेतला. मला हा निवाडा मान्य नाही. १९४३ ते १९६४ या दोन दशकांचे दप्तर उघडून पाहिले, तर हा मनुष्य पुनःपुन्हा, आणि तोही आर्थिक नुकसान सोसून, रंगमंचाकडे परत आलेला दिसतो. आणि त्याचे खरे संचित जे होते, तो आवाज, त्याने अखेरपर्यंत मोडून खाल्ला नाही, हेही दिसते.

दक्षिण वेल्समधील ग्लॅमॉर्गन परगण्यात, आफन नदीच्या खोऱ्यात पाँट्रिडव्हेन हे त्या काळी खाणकामगारांचे खेडे होते. तेथे रिचर्ड वॉल्टर जेंकिन्स या कोळशाच्या खाणीतल्या मजुराच्या घरी, तेरा भावंडांतला बारावा म्हणून, हा मुलगा १९२५ साली जन्मास आला आणि त्याला बापाचेच नाव मिळाले. १९२७ च्या ऑक्टोबरअखेर, तेराव्या अपत्याच्या जन्मानंतर थोड्याच दिवसांत, आई वारली. दोन वर्षांचाही न झालेला हा पोर थोरल्या बहिणीने, सिसिलियाने, पोर्ट टॅलबटजवळच्या ताइबाख येथे आपल्या संसारात नेला. तिचा नवरा एल्व्हेड जेम्स हाही खाणीतच राबणारा. ‘सिस’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या बहिणीचा उल्लेख बर्टन जन्मभर आईविषयी बोलावे तशा भक्तिभावाने करीत असे.

त्या मुलुखाचा एक विशेष ध्यानात घेतल्याखेरीज हा नट समजणार नाही. घरची भाषा वेल्श. इंग्रजी शाळेची, बाजाराची आणि सरकारची. रविवारी प्रार्थनामंदिरात जावे, तर तेथे साध्या स्वरात सुरू झालेले प्रवचन हळूहळू चढत जाऊन अखेर गाण्याच्या सीमेवर पोहोचे, आणि दिवसभर जमिनीखाली काळोखात खपणारी माणसे त्या शब्दांच्या लयीत तल्लीन होत. शब्द मोठ्याने उच्चारणे हे तेथे दिखाऊपणाचे लक्षण मानले जात नसे. ती एक सामाजिक प्रतिष्ठेची विद्या होती. पुढे लंडनच्या समीक्षकांना ज्या आवाजाचा अचंबा वाटला, त्याचे मूळ या मंदिरांत आहे, नाट्यविद्यालयात नाही. नाट्यविद्यालयात बर्टन कधी गेलाच नाही.

घरच्या ओढगस्तीमुळे १९४१ साली त्याची शाळा सुटली आणि तो सहकारी भांडाराच्या कापडदुकानात नोकरीस लागला. गिऱ्हाइकापुढे कापड मांडण्यात त्याचे मन रमणे शक्यच नव्हते. काही हितचिंतकांनी खटपट करून त्याला पुन्हा शाळेत दाखल करून घेतले, आणि तेथे त्याची गाठ फिलिप बर्टन या इंग्रजीच्या शिक्षकांशी पक्की पडली. हे गृहस्थ अविवाहित, अतिशय शिस्तप्रिय, नभोवाणीसाठी श्रुतिका लिहिणारे व बसविणारे, आणि स्वतः रंगभूमीवर जाण्याची आकांक्षा पुरी न झालेले. १९४३ मध्ये मुलगा त्यांच्या बिऱ्हाडी राहावयास गेला. रीतसर दत्तक घेण्याचा त्यांचा मानस होता. परंतु दत्तक घेणारा मुलापेक्षा एकवीस वर्षांनी मोठा असला पाहिजे असा कायदा होता, आणि या दोघांच्या वयांतले अंतर त्या मुदतीला अवघे वीस दिवस कमी भरले. तेव्हा पालकत्वाचा दस्तऐवज झाला आणि जेंकिन्स हा बर्टन झाला.

त्या शिक्षणाची तऱ्हा पाहण्यासारखी आहे. फिलिप बर्टन या मुलाला गावामागच्या डोंगरावर घेऊन जात, त्याला ‘पाचव्या हेन्री’तले उतारे म्हणावयास सांगत आणि स्वतः पावलापावलाने दूर जात राहत. अट एकच : ओरडायचे नाही, पण प्रत्येक अक्षर पोहोचले पाहिजे. अंतर वाढे, वाऱ्याचा घोंघाट वाढे. मुलगा सवयीने आवाज चढवू लागला की गुरुजी तेथूनच थांबवीत आणि ओळ पुन्हा पहिल्यापासून म्हणवून घेत. स्वर ताणण्याऐवजी श्वास खोल घ्यावा, छातीतून उमटलेला शब्द ओठांशी नीट घडवून मग सोडावा, हे तंत्र त्या उघड्या माळावर त्याच्या अंगी मुरले. वेल्श वळणाचे इंग्रजी उच्चारही घासूनपुसून लंडनच्या वळणावर आणले गेले. मात्र त्याखालचा वेल्श ताल कायम राहिला, आणि तो राहू देण्यात गुरूचा विवेक दिसतो. पुढे कित्येक वर्षे, नवी भूमिका हाती आली की, बर्टन या गुरूचा सल्ला घेत असे.

त्याच १९४३ साली नाटककार व नट एमलिन विल्यम्स यांना ‘द ड्रुइड्स रेस्ट’ या नव्या नाटकासाठी एक वेल्श मुलगा हवा होता. तशी जाहिरात ‘वेस्टर्न मेल’ या पत्रात आली आणि फिलिप बर्टन यांनी आपला शिष्य त्यांच्यापुढे उभा केला. हा योग मला फार अर्थपूर्ण वाटतो. एमलिन विल्यम्स स्वतः वेल्श बोलणाऱ्या गरीब घरातले. त्यांनाही एका शिक्षिकेनेच हाताला धरून ऑक्सफर्डपर्यंत नेले होते, आणि त्याच ऋणातून त्यांनी १९३८ साली ‘द कॉर्न इज ग्रीन’ हे, खाणीतल्या एका तल्लख मुलाला शिक्षिकेने वर काढल्याचे, नाटक लिहिले होते. त्यांच्यासमोर आता त्याच कथानकातला मुलगा प्रत्यक्ष येऊन उभा राहिला. १९४३ च्या नोव्हेंबरात लिव्हरपूलला त्या नाटकाचा प्रयोग झाला आणि बर्टनच्या व्यावसायिक जीवनाला प्रारंभ झाला.

मग युद्धकाळात विमानदलाचा उमेदवार म्हणून सहा महिने ऑक्सफर्ड. तेथे नेव्हिल कॉगहिल या प्राध्यापकांनी त्याला ‘मेझर फॉर मेझर’मधल्या अँजेलोची भूमिका दिली. विमानदलातून १९४७ साली सुटका झाली. १९४९ मध्ये पहिला चित्रपट, एमलिन विल्यम्स यांचाच, आणि त्याच चित्रपटाच्या निमित्ताने भेटलेल्या सिबिल विल्यम्स या वेल्श नटीशी विवाह.

लंडनच्या नाट्यरसिकांनी त्याला खऱ्या अर्थाने पाहिले ते त्याच १९४९ साली, ख्रिस्टोफर फ्राय यांच्या ‘द लेडीज नॉट फॉर बर्निंग’ या काव्यनाटकात. दिग्दर्शक आणि नायक जॉन गिलगुड, नायिका पामेला ब्राउन. बर्टनच्या वाट्याला आलेला कारकून अगदीच दुय्यम. एका प्रवेशात गिलगुड आणि ब्राउन पल्लेदार पद्यसंवाद बोलत असताना त्याने गुडघे टेकून फरशी घासायची, एवढेच काम. त्याने ती फरशी निमूटपणे, कोणाकडे न पाहता, घासण्यापलीकडे काहीही केले नाही. आणि दोन श्रेष्ठ नटांची वाणी कानावर पडत असूनही प्रेक्षकांचे डोळे त्या वाकलेल्या पाठीवर खिळून राहत. त्याच्या आवाजाची स्तुती पुष्कळांनी केली आहे, परंतु त्याच्या स्तब्धतेचे मोल मला आवाजाइतकेच वाटते. हालचाल न करता रंगमंच व्यापण्याची शक्ती ज्याच्यापाशी असते, त्याचाच पहिला शब्द प्रेक्षागृहात वजनाने पडतो.

या दोन्ही गुणांचा एकत्र प्रत्यय १९५१ साली स्ट्रॅटफर्डला आला. ब्रिटनभर राष्ट्रीय महोत्सव चालला होता आणि शेक्सपिअरची ‘दुसरा रिचर्ड’ ते ‘पाचवा हेन्री’ ही ऐतिहासिक नाटके तेथे ओळीने सादर होत होती. मायकेल रेडग्रेव्हचा हॉटस्पर, अँथनी क्वेलचा फॉल्स्टाफ, आणि पंचविशीतला बर्टन युवराज हॅल. हा युवराज म्हणजे गुत्त्यात मौज करणारा खुशालचेंडू, अशी वहिवाट होती. बर्टनने हसतखेळत असतानाही एकटा असलेला, पुढे येणाऱ्या राजमुकुटाचे ओझे आधीच ओळखून बसलेला तरुण उभा केला. काही जुन्या समीक्षकांना हा गंभीरपणा रुचला नाही. परंतु केनेथ टायनन या तरुण समीक्षकाने त्याची मनःपूर्वक वाखाणणी केली आणि इंग्रजी रंगभूमीला नवा वारस लाभल्याची भाषा सर्वत्र सुरू झाली.

यानंतर हॉलिवूडचे बोलावणे आले. ‘माय कझिन रेचेल’साठी पहिले ऑस्कर नामांकन, मग १९५३ साली ‘द रोब’, सिनेमास्कोपच्या विशाल पडद्यावर प्रदर्शित झालेला पहिला चित्रपट, आणि त्यासाठी दुसरे नामांकन. येथेच तो निवाडा देणाऱ्यांनी थोडे थांबावयास हवे होते. कीर्ती आणि पैसा दोन्ही हात जोडून समोर उभे असताना हा तरुण त्याच वर्षी लंडनला परतला आणि ओल्ड व्हिक नाट्यगृहाच्या तुटपुंज्या वेतनावर एका हंगामात हॅम्लेट, कोरिओलेनस, ‘किंग जॉन’मधला अनौरस पुत्र, सर टोबी बेल्च आणि कॅलिबन अशा पाच परस्परविरोधी भूमिका करून मोकळा झाला. लोभी मनुष्य हा व्यवहार करीत नसतो. त्या हॅम्लेटच्या एका प्रयोगाला चर्चिल पहिल्या रांगेत बसले होते आणि बर्टनच्या बरोबरीने हॅम्लेटची भाषणे पुटपुटत होते. आपण वेग वाढविला तरी म्हातारा सुटेना आणि कमी केला तरी सुटेना, ही हकीकत बर्टन पुढे मोठ्या रंगात येऊन सांगत असे.

त्याच हंगामात, २५ जानेवारी १९५४ रोजी, बीबीसीच्या थर्ड प्रोग्रॅमवर डिलन टॉमस या वेल्श कवीची ‘अंडर मिल्क वुड’ ही श्रुतिका प्रथम प्रसारित झाली. कवी स्वतः आदल्या नोव्हेंबरात न्यूयॉर्कमध्ये अकाली वारला होता. समुद्रकाठच्या एका काल्पनिक वेल्श गावाची रात्र ते रात्र अशी ही कथा सांगणाऱ्या निवेदकाचे काम बर्टनकडे आले. दिवंगत मित्राचे शब्द, आपल्याच मुलुखातली माणसे, आणि ध्वनिक्षेपकाखेरीज समोर काही नाही. तो आवाज येथे कोठेही स्वतःच्या सौंदर्यावर लुब्ध होत नाही. झोपलेल्या गावातल्या एकेका घराशी तो इतक्या हलकेच जातो की ऐकणाऱ्याला निवेदकाचे भान राहत नाही. माझ्या मते बर्टनची सर्वश्रेष्ठ कामगिरी हीच.

१९५५ साली त्याने ‘द रेन्स ऑफ रांचीपूर’मध्ये डॉक्टर साफ्ती या हिंदी तरुणाचे काम केले. लुई ब्रॉमफिल्डच्या ज्या कादंबरीवरून तो चित्रपट निघाला, तिच्यातले संस्थान सयाजीराव गायकवाडांच्या बडोद्यावर बेतलेले मानले जाते, म्हणून मराठी वाचकाला त्याचे कुतूहल वाटावे. चित्रपट मात्र सामान्य आहे आणि बर्टनचा हिंदी डॉक्टर मुळीच पटत नाही. त्यानंतर लगेच तो पुन्हा ओल्ड व्हिकला आला आणि जॉन नेव्हिलबरोबर ऑथेल्लो व इयागो या भूमिका आलटूनपालटून करू लागला.

१९५७ मध्ये करभार टाळण्यासाठी त्याने स्वित्झर्लंडमधल्या सेलिन्यी गावी बिऱ्हाड हलविले, आणि ही गोष्ट इंग्रजांनी त्याला कधी माफ केली नाही. १९६० अखेर ब्रॉडवेवर ‘कॅमेलॉट’ या संगीतिकेत राजा आर्थर. त्यासाठी टोनी पारितोषिक. पुढे ‘क्लिओपात्रा’ हा चित्रपट, रोममधले चित्रीकरण, टेलर आणि वृत्तपत्रांचा गदारोळ. त्याविषयी इतके लिहिले गेले आहे की येथे भर घालण्याची गरज नाही.

परंतु त्या गदारोळाच्या ऐन भरात, १९६४ साली, हा मनुष्य पुन्हा हॅम्लेटकडे वळला. दिग्दर्शक गिलगुड. राजवाड्याचा थाट नाही, पोशाख नाहीत. जणू शेवटची तालीम चालली आहे अशा रोजच्या कपड्यांत सारे नट, आणि पित्याच्या भुताचा आवाज ध्वनिमुद्रित, खुद्द गिलगुड यांचा. ब्रॉडवेवर या हॅम्लेटचे १३७ प्रयोग झाले आणि गिलगुड यांनीच १९३६-३७ साली केलेला १३२ प्रयोगांचा विक्रम मोडला. गर्दी टेलरच्या नवऱ्याला पाहावयास जमे, हे खरे. पण तिला साडेतीन तास शेक्सपिअर ऐकत बसावे लागे आणि ती बसे, हेही तितकेच खरे. प्रयोगाचे चित्रमुद्रण करून ते दोन दिवस देशभरच्या चित्रगृहांत दाखविले गेले. प्रती नष्ट करण्याचा करार होता, परंतु एक प्रत बर्टनपाशी राहिली आणि त्याच्या मृत्यूनंतर ती सापडली, म्हणून तो हॅम्लेट आज आपल्याला पाहता येतो.

पुढच्या वीस वर्षांत त्याने पुष्कळ वाईट चित्रपट केले. मद्याने शरीर पोखरले, पाठीचा कणा निकामी होत गेला, १९८१ मध्ये ‘कॅमेलॉट’चा दौरा अर्धवट सोडावा लागला. यांतले काहीही झाकण्याजोगे नाही. पण याच काळात ‘हूज अफ्रेड ऑफ व्हर्जिनिया वुल्फ?’ मधला थकलेला, अपमानित प्राध्यापक आहे, ज्यात त्याने तो भरदार आवाज बुद्धिपुरस्सर कोमेजू दिला. १९६६ साली कॉगहिल यांच्या विद्यार्थ्यांसोबत ऑक्सफर्डच्या नाट्यगृहाच्या मदतीसाठी बिनमोबदला केलेला ‘डॉक्टर फॉस्टस’ आहे. १९७६ मध्ये ब्रॉडवेवरचा ‘इक्वस’ आहे. आणि ‘नाइन्टीन एटी-फोर’मधला, यातना देतानाही स्वर न चढविणारा ओब्रायन आहे. ती चित्रपटातली शेवटची भूमिका. तो चित्रपट लोकांपुढे येण्यापूर्वीच, ५ ऑगस्ट १९८४ रोजी, वयाच्या अठ्ठावन्नाव्या वर्षी, मेंदूतील रक्तस्रावाने जिनिव्हा येथे त्याचा अंत झाला.

२०१२ साली त्याच्या रोजनिश्या ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाल्या आणि त्यांतून अहोरात्र वाचणारा, स्वतःची कठोर उलटतपासणी घेणारा मनुष्य समोर आला. ज्या वाचकांना बर्टन केवळ टेलरचा नवरा म्हणून ठाऊक आहे, त्यांना माझी विनंती आहे की त्यांनी आधी त्याचा कोणताही चित्रपट पाहू नये. १९५४ च्या ‘अंडर मिल्क वुड’चे ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे, एका रात्री दिवा मालवून ते सलग ऐकावे, आणि मगच त्याने देणगी वाया घालविली की नाही याचा निर्णय स्वतः करावा.